मुक्या शिनेमातलं पाणी
घोंगडीचा वास आला की माझा जीव अजून घाबरा होतो. लातूर नवा जिल्हा झाला त्या दुष्काळात आमच्या अहमदपूरकडच्या गावात दवंडी आली, "शाळेत तुफान पाणी, समद्यांनी बघाया या." मी 'बघाया' ऐकलंच न्हाई, कडेवरचं लेकरू तापानं फणफणत होतं, घरात थेंब न्हाई, मी घागर घिऊन पळत सुटले. शाळेत खिडक्यांला घोंगड्या लावून अंधार केलता, अन् भिंतीवर जुना मुका शिनेमा चालला होता. वारं झाडं मोडत होतं, नदी घरं घिऊन निघाली होती, पण आवाज कशाचाच न्हाई, नुसती मशीन टरटरत होती. शेजारीण म्हणली, "अगं येडे, घागर कुठं भरतीस, ते चित्र हाय." समदे हसले. लेकरू मात्र भिंतीकडं हात करून "मम, मम" करत पाणी मागत राहिलं, मग कुणी हसंना. मी म्हणलं, "मशीनवाले दादा, खरं पाणी असंल तर घोटभर द्या." त्यानं मशीन थांबवली, आपल्या सुरईतलं पाणी माझ्या वंजळीत वतलं. लेकरू पिईना, भिंतीकडंच बघून राहिलं. मी भिजलेलं बोट त्याच्या व्हटाला लावलं, तवा कुठं चाटलं. आता ते शाळंत जातंय, पण पाणी दिलं की आधी बोट बुडवून बघतंय, अन् मी तोंड फिरवते.