मी निघाली

दुपारचे जेवण आटोपून स्टुडिओतल्या कोचावर पाठ टेकताच शार्दूल ओगलेच्या पापण्या जड होतात. मनातला वाद मात्र निजायला तयार नाही. काचेपलीकडे ध्वनिमुद्रक बर्वे त्याच्या निर्णयासाठी थांबला आहे. 'खारपाण' बँडची गायिका आणि गीतकार वृंदा ढोमणे काविळीने गेली, त्याला वर्ष होत आले. तिचे अखेरचे गाणे आज पुरे व्हायचे आहे. त्यात ती 'मी निघाली' म्हणते. शुद्ध रूप 'निघाले'. तिच्याच दुसऱ्या गाण्यातला 'ले' उचलून इथे बेमालूम बसवता येईल. बसवायचा की नाही, हे बँडमध्ये बेस गिटार वाजवणाऱ्या आणि वृंदाची प्रत्येक ओळ तपासत आलेल्या शार्दूलने ठरवायचे आहे.

"पंडित, सरक ना जरा."

वृंदा शेजारी बसते. कोच आता अकोल्याच्या कॉलेजातले बाक झाला आहे, फळ्यावर खडूने 'स्नेहसंमेलन' लिहिलेले आहे. पहिल्याच गाण्याला पोरे हुर्यो उडवतात. पण भिंत सरकते, पुण्यातले मैदान उघडे पडते, आणि तीच हुर्यो टाळ्या होऊन परत येते. हजारो कंठ तिच्याबरोबर तिचेच चुकीचे क्रियापद एकमुखाने गात आहेत.

"ऐकतोस? सगळे नापास!" ती खळखळून हसते.

"'निघाली' हे तृतीयपुरुषी रूप आहे," शार्दूल म्हणतो. तीन अल्बम आणि असंख्य गावे झाली, तरी हे वाक्य त्याने सोडलेले नाही. "'निघाली' म्हणजे ती. दुसरी कुणीतरी."

"आमच्याकडे असंच बोलतात बाप्पा."

"बोला खुशाल. पण गाण्यात..."

"अन् गाताना मी दुसरी कुणीतरी होत नव्हती का? माइकसमोर उभी राहिली की मीच मला लांबून दिसायची. तू तर बाजूलाच असायचास. तुला नाही दिसली?"

मैदानात आता कुणी नाही. रंगमंचामागच्या अरुंद खोलीत ती गिटार खांद्याला अडकवते आहे. शार्दूलचा स्वर चिरकतो.

"एकदा 'निघाले' म्हण, वृंदा. 'निघाले' म्हणणारी समोर असावी लागते. व्याकरण गेलं खड्ड्यात."

"तू म्हणतोस हे? पंडित?" ती खिसा चाचपते. "घसा बसलाय रे तुझा. हे चघळ." त्याच्या तळव्यावर ज्येष्ठमधाची काडी येते.

"कुठे चाललीस?"

"आलेच मी," ती म्हणते, अगदी प्रमाण, एक मात्राही न चुकता. आणि दार ओढून घेते.

"सर," बर्वे त्याचा खांदा हलवतो आहे, "लावू 'ले'?"

"नको. 'ली'च राहू दे."

"अहो, तुम्हीच तर इतके दिवस भांडत होतात!"

"मिटलं ते."

"कधी?"

उत्तर देता देता शार्दूलच्या जिभेला काही टोचते. दातांच्या फटीतून तो ते हळूच ओढून काढतो: पिवळसर, चघळून मऊ झालेला एक तंतू. तोंडभर गोडी पसरली आहे. जेवणात आज गोड काहीच नव्हते.