भिंतीवरच्या तात्यांचा हार

तात्या घाडी यांची माझी पहिली ओळख भिंतीवर झाली. डिलाईल रोडवरच्या आमच्या व्यायामशाळेत गिरणीच्या जुन्या कबड्डी संघातल्या सातही खेळाडूंची चित्रे आहेत. प्रत्येकाला चंदनाचा हार, गेलेल्या माणसांच्या फोटोला घालतात तसा. पहिल्या दिवशी मी मधल्या चित्राला नमस्कार केला, तेव्हा मागून आवाज आला, “पाया कसल्या पडतंस? आधी दोरीच्या उड्या मार.” वळून पाहिले तर तोच चेहरा, म्हातारा झालेला. मी दोन पावले मागे सरकले.

“घाबरा नको. सहा गेले, त्यांच्यावांगडा माका पण हार घातल्यांनी,” तात्या म्हणाले. चढवलेला हार उतरवणे अशुभ, म्हणून तो तसाच राहिला.

बाबा माझे कॉलेज थांबवणार होते, तेव्हा तात्या घरी आले. “पोरगी चढाईवर गेली हा. घरच्यांनीच पकड करू नकात.” एवढेच बोलले आणि चहा पिऊन गेले. आज मी आमच्या घरातली पहिली पदवीधर आहे.

तात्यांचे भिंतीवरचे ते चित्र अधूनमधून नव्याने रंगवले जाते. मूळ फोटोत तात्या किडकिडीत आहेत. चित्रात आधी मूठ वळली, मग मिशा आल्या, छाती रुंदावली. यंदा कपाळावर टिळा आणि डोळ्यांत अंगार. सराव घेताना तात्या त्या भिंतीकडे कधीच पाठ करत नाहीत.

तात्यांच्या पंच्याहत्तरीच्या या गौरवग्रंथासाठी मी त्यांना गिरणीच्या संघाच्या गाजलेल्या अंतिम सामन्यातल्या शेवटच्या चढाईबद्दल विचारले. एका दमात चौघांना बाद करून ते परतले, असे सगळे सांगतात. तात्यांनी चित्राकडे पाहिले.

“रेषा गाठूच्या आधीच माझो दम तुटलो. म्हणजे मी बाद. गलक्यात पंचांक कळला नाय, मी गप रवलंय. ह्या लिही. मी गेलंय की तो भिंतीवरचो कोणाक बोलूक देवचो नाय.”

ग्रंथाच्या समितीतले एक काका म्हणाले, “अगं, गौरवग्रंथ आहे हा, कबुलीजबाब नव्हे.” पण पंचांनी पाहिले नसले तरी स्वतः हात वर करून बाहेर जायचे, हे आम्हा मुलींना तात्यांनीच शिकवले आहे. त्यांनी आज हात वर केला आहे. तो खाली ओढणारी मी कोण?

समारंभाच्या दिवशी तो चंदनाचा हार आपण सर्वांनी मिळून उतरवावा आणि ताज्या फुलांचा हार तात्यांच्या गळ्यात घालावा, ही माझी विनंती. भिंतीवरच्या तात्यांचे तोंड ‘कबड्डी कबड्डी’ म्हणत कायम उघडे आहे. त्यांचा दम कधीच तुटत नाही, कारण ते श्वासच घेत नाहीत. आमच्या तात्यांना अजून पुष्कळ वर्षांचे श्वास लाभोत, आणि ते सावकाश, हवे तिथे थांबून घेता येवोत.