मागून उघडलेली पुस्तकं

पुस्तकं आपटणाऱ्या माणसांची मला चीड येते. टोकियोत आमच्या ऑफिसखालच्या पुस्तकांच्या दुकानात असा एक जण जेवणाच्या सुट्टीत रोज यायचा. पन्नाशीचा, करड्या सुटातला, कपाळावर कायमची आठी. अमेरिकेत अध्यक्षपदाची निवडणूक जवळ आली होती, म्हणून तिथल्या प्रचारांवरची जाडजूड इंग्रजी पुस्तकं एका टेबलावर रचली होती. हा एकेक उचलायचा, शेवटून उघडायचा, एका पानावरून बोट खाली न्यायचा आणि पुस्तक मिटून आपटायचा. जपानी पुस्तकं उलट्या बाजूने उघडतात, तेव्हा याला इंग्रजीतलं ओ की ठो कळत नसणार, असं मी धरून चाललो होतो.

एकदा त्याने आपटलेलं पुस्तक माझ्या बोटांवर आलं. मी मोडक्यातोडक्या जपानीत म्हटलं, "वाचायचं नाही तर उचलता कशाला?"

तो कमरेतून वाकला, माफी मागितली आणि स्वच्छ इंग्रजीत बोलू लागला. "मी ओकिनावाचा. आमच्या गावाला लागून अमेरिकेचा लष्करी तळ आहे. विमानं माझ्या आईच्या छपरावरून जातात. तो तळ ठेवायचा की नाही, हे यांचा अध्यक्ष ठरवणार आणि आम्हाला मत नाही. म्हणून मागची नावांची सूची बघतो. निदान ओकिनावाचं नाव तरी असेल."

"मग, आहे?"

"या पुस्तकात एका उमेदवाराने जत्रेत कुरवाळलेल्या गायीचं आहे."

तो गेल्यावर उरलेली पुस्तकं मी मागून उघडून पाहिली. शेवटचं मीही आपटलं.