डोहातल्या वाट्या

भरे गावच्या तुळजाबाईंना नदीतल्या डोहाइतका अभिमान दुसऱ्या कशाचा नव्हता. जमीन विकली गेली, गोठा पाडून भाड्याच्या खोल्या झाल्या, मुलगा कैलास कंपनीत लागला. पण चैत्रातल्या उत्सवाला डोहात पहिला घास टाकायचा मान त्यांच्याच घरात राहिला. भाताचे मुटके घेऊन त्या खडकावर बसल्या की हातभर लांबीचे, मोठ्या खवल्यांचे मासे वर येत. ते देवीचे मासे, त्यांना कुणी गळ लावत नसे. त्यांनी घास घेतला की मगच गावाची पंगत बसायची.

नवस पावला की वरच्या ओढ्यातून याच माशांची पिलं ओंजळीत धरून आणायची आणि डोहात सोडायची, अशी रीत होती. ओढ्याकाठी बंगले झाले, पिलं मिळेनाशी झाली, तेव्हा तोड काढली ती तुळजाबाईंनीच. त्यांच्या सांगण्यावरून कैलासने बाजारातून पिंपभर जिवंत चिलापी, म्हणजे शेततळ्यात पोसतात ती परकी मासळी, आणली. मासा तो मासा, देवी काय त्याचं गाव विचारत बसते का, असं बाई म्हणाल्या आणि ते सगळ्यांना पटलं. मग काय, खोल्यांमधले नोकरदार भाडेकरूसुद्धा नवसाला पिंप आणू लागले.

बघता बघता डोह नुसता वळवळू लागला. उन्हाळ्यात पाणी उतरलं तेव्हा काठच्या वाळूत गोल, गुळगुळीत खळगे दिसले, एकाला लागून एक. देवीनं जेवायला वाट्या मांडल्यात, असं बाईंनी हात जोडून जाहीर केलं. बायका हळदकुंकू घेऊन धावल्या. जवळच्या भुकूम गावच्या सोसायट्यांमधूनही माणसं फोटो काढायला आली.

बाईंच्याच एका खोलीत भाड्याने राहणाऱ्या मृण्मयीने, कॉलेजात माशांचाच विषय शिकल्यामुळे, एकदा हळूच सांगून पाहिलं. हे खळगे चिलापीने अंडी घालायला उकरलेत, आणि देवीच्या माशांची अंडी-पिलं हेच मासे खाऊन टाकताहेत.

“पोरी, डोह काठोकाठ भरलाय माशांनी,” तुळजाबाई म्हणाल्या. “दिसत न्हाई का तुला?”

बायका हसल्या. मृण्मयीही कसनुसं हसली. तिला शेवटी बाईंच्याच खोलीत राहायचं होतं.

यंदाच्या उत्सवात बाईंनी पहिला मुटका टाकला तो पाण्याला लागायच्या आतच काळ्या पाठींच्या चिलापींनी फाडला. दुसरा टाकला, तिसरा टाकला. ऊन चढलं, पत्रावळी वाऱ्याने उडू लागल्या, भुकेली पोरं रडायला लागली. तेव्हा कुठे खालून एक रुंद सावली वर आली. शेपटी फाटलेला तो मासा बाई नवरी होऊन आल्यापासून ओळखत होत्या. दरवर्षी त्याच्या मागे बोटभर लांबीची पिलावळ असायची. यंदा मागे काहीच नव्हतं. घासापर्यंत पोचायलाही त्याला वाट मिळाली नाही. तो तसाच वळला आणि खाली गेला.

काहीतरी फार वाईट झालंय, आणि ते आपल्याच घराच्या मानापायी झालंय, एवढं तुळजाबाईंना कळलं. त्यापुढचं कळेना. कळून घ्यायची भीती वाटली.

कैलासने विचारलं, पंगत बसवायची का?

“देवी रुसलीया,” त्या पाण्याकडे बघत म्हणाल्या. “आपलंच मासं कमी पडलं. उद्या दोन पिंपं आन.”

कैलासने तिथूनच मासेवाल्याला फोन लावला.