सखुबाईच्या हातातला गोविंदा

कल्याणच्या कोळीवाड्यात सखुबाईइतकी भांडकुदळ बाई दुसरी नव्हती, आणि फुटबॉलवेडी तर नव्हतीच नव्हती. मासळीच्या पाटीमागे बसून ती हातातल्या इवल्याशा व्हिडिओ गेमवर फुटबॉल खेळायची. गिऱ्हाइकानं भाव विचारला, की म्हणे, "थांब गो, माजा पोर गोल मारतोय."

मी एकदा छेडलं, "सखुबाई, या वयात हे वेड?"

"तुला कंच्या वयात लागलंवतं, मेल्या?"

ही करामत तिच्या थोरल्याची, चंदूची. शहाडला टीव्ही दुरुस्तीचं दुकान. काम कमी, उचापती फार. गेममधल्या परदेशी खेळाडूंची नावं पुसून तो गावचा संघ भरायचा. संघ बदलला की पोरं आपापल्या गेमच्या पट्ट्या, म्हणजे कॅसेटी, घेऊन दारात हजर. शहाण्णव साली एकच नाव गळलं: धाकट्या भावाचं, गोविंदाचं. खाडीत होडी उलटली. सगळ्यांच्या पट्ट्यांत चंदूनं त्याच्या जागी शेजारचा रघु भरला. गोविंदाची स्वतःची, जुन्या खेळाची पट्टी आईकडे होती. त्या पट्टीला मात्र त्यानं हात लावला नाही.

एके दिवशी ती पट्टी मासळीच्या पाण्यात पडली. बाईनं उघडून धुतली, चिपवरचा भिजका कागद सोलला आणि सुकटीशेजारी उन्हात मांडली. कोळीण आणखी काय करणार? कागद होता तो चिपला ऊन लागून आतलं पुसू नये म्हणून. आठवड्याभराच्या उन्हानं नुसता गोविंदा नव्हे, अख्खं मैदान पुसलं.

"चंदू, आरं त्याला वर काढ!" ती दुकानात येऊन किंचाळली. कोळीवाड्यानं ही हाक आधी एकदा खाडीकाठी ऐकली होती. कुणी हसलं नाही. मीसुद्धा.

चंदूनं उल्हासनगरचा बाजार पालथा घातला, ठाणं धुंडाळलं. पट्टीत पुन्हा भरायला जुना खेळ कुठेच मिळेना. शेवटी रघुनं आपली नव्या खेळाची पट्टी पुढे केली. "दादा, माझं नाव काढ. त्याचं घाल."

सखुबाईनं खेळ लावला. बराच वेळ बघत राहिली.

"नाव त्याचाच हाय. पन हा दमत नाय रं. माजा गोलापाशी आला का धापा टाकायचा."

जुना खेळ गोलापाशी गर्दी झाली की अडखळायचा, खेळाडू थांबत थांबत पळायचे. आम्ही त्याला बिघाड म्हणायचो.

चंदूनं तिच्या हातातून गेम घेतला आणि पट्टी पुन्हा उघडली. नाव भरायला तो शिकला होता. दम कुठे भरायचा, हे त्याला कुणी सांगितलं नव्हतं. तो शोधत बसला, आणि आई समोर उभी होती.