गोबी रोज येते

चहांदे सरांना पत्र लिहायचं मनात आलं, तेव्हा माझ्या हातात फुलकोबीचा सडका गड्डा होता.

आज मी जो आहे तो सरांमुळे. कोरपन्याच्या शाळेत ते विज्ञान शिकवायचे. माझ्या घरी दहावीपुढे कुणी गेलं नव्हतं. ॲग्रीच्या ॲडमिशनचा फॉर्म सरांनी भरला आणि कॉलेजला सोडायला एसटीने सोबत आले. त्या शिक्षणावर मी कृषी सहायक झालो. त्याच शिक्षणाच्या जोरावर मी शेवंताबाई मडावींच्या शेतातल्या फुलकोबीच्या चार ओळी सडवल्या होत्या.

त्यांचं गाव सिंदेवाहीहून आत, जंगलाला लागून आहे. धान निघालं की तिथे त्याच ओलीवर लाखोरी टाकतात. तिची डाळ घरात वर्षभर पुरते. त्या वर्षी माझ्या सांगण्यावरून शेवंताबाईंनी लाखोरी न टाकता फुलकोबीची रोपं लावली. गावात पहिल्यांदाच. सासरे कारूभाऊंनी तेव्हाच विचारलं होतं, "गोबी नाई झाली त वर्षभर काय पाण्यात भात कालवाचा?"

फुलकोबी थंडीचं पीक. आमच्याकडे थंडी थोडी, त्यात धान उशिरा निघालं. गड्डे धरू लागले तेव्हा फेब्रुवारी संपत आला होता आणि ऊन टोचायला लागलं होतं. उन्हात गड्डा पिवळा पडतो, आणि पिवळा गड्डा बाजारात कुणी हातात घेत नाही. यावर उपाय ब्लांचिंग. म्हणजे गड्डा अंड्याएवढा झाला की झाडाचीच बाहेरची पानं वर घेऊन तो झाकायचा. सावलीत तो पांढरा राहतो.

हे मला पाठ होतं. पण माझ्याकडे आठ गावं होती आणि या गावात मी फक्त मंगळवारी जायचो. म्हणून मी सगळी झाडं एकाच दिवशी बांधायला सांगितली. सुतळीने, गच्च.

"बंदेच?" शेवंताबाईंनी विचारलं. "हा त अजून बोराएवढा हाये."

"बांधून टाका बाई. मी आता पुढच्या मंगळवारीच येणार."

चार ओळी झाल्या आणि सुतळी संपली. बाकीच्या ओळी तुम्ही बांधून घ्या, असं सांगून मी निघालो.

पुढच्या मंगळवारी पहिली गाठ सोडली तर आतून गरम वाफ आणि आंबूस वास आला. गड्ड्यावर काळे डाग. दुसरा तसाच, तिसराही. पाणी देऊन लगेच गच्च बांधल्यामुळे आत हवाच खेळली नव्हती. वर दिवसभर ऊन. कारूभाऊ बांधावर बसून पाहत होते.

"सायब," ते म्हणाले, "तुमी त भाजी शिजवूनच देली."

मी तालुक्याच्या कृषी अधिकारी मॅडमना फोन लावला.

"मॅडम, चार ओळी सडल्या."

"का? ब्लांचिंग केलं नव्हतं?"

"केलं होतं. म्हणूनच सडल्या."

 मॅडम म्हणाल्या, "बाकीचा प्लॉट बघ. शुक्रवारी मला फोटो पाहिजे."

बाकीच्या ओळींत सुतळी दिसत नव्हती. पानं गड्ड्यावर सैल वाकवून बांबूच्या बारीक काडीने टाचलेली होती. बाजूंनी हवेला जागा होती. काही झाडांवर एक काडी, काहींवर दोन, कुठे चार.

"हे काय केलं बाई?"

"पत्रावळ टाचतो तसं टाचलं. सुतळी कुठी होती?"

"आणि काड्या कमीजास्त का?"

"रोज पाणी देताना पाह्यचं. अंड्याएवढा झाला त्यालेच टाचाचं. एक काडी बुधवारची, दोन गुरुवारच्या, असं पाचपर्यंत. पाच झाल्या का पहिले एक काडीवाले खोलून पाहाचे. बंदे खोलत बसाचं काम नाई."

मी बांधायला लावलेल्या ओळींत कोणता गड्डा तयार आहे हे कळायला प्रत्येक गाठ सोडावी लागली असती. ते मला सुचलंच नव्हतं.

"मग मला त्या दिवशी का नाही सांगितलं?"

"तुमी कुठी इचारलं?" त्या हसल्या नाहीत. "तुमी आठवड्यानं येता सायब. गोबी रोज येते."

त्यांनी एक काडी काढली. आत गड्डा पांढरा, घट्ट. कारूभाऊ बांधावरून उठले, जवळ आले, त्याला बोट लावून पाहिलं आणि परत जाऊन बसले.

मी एवढंच सांगू शकलो, की तोडणी सकाळी ऊन चढायच्या आत करा, आणि गड्ड्याभोवती चारदोन पानं राहू द्या, म्हणजे बाजारापर्यंत खरचटणार नाही.

"हे बरं सांगतलं," शेवंताबाई म्हणाल्या.

पुढचे तीन बाजार त्यांनी गोबी नेली. आता मी नवीन गावात गेलो की काय करा हे सांगण्याआधी, तुम्ही कसं करता, हे विचारतो. वेळ जातो. ओळी जाण्यापेक्षा परवडतं.

मार्चअखेर सरांना पत्र टाकलं.

आदरणीय सर,

सा. न.

नोकरी कशी चालली आहे, असं आपण विचारलं होतं. एका शेतकरी बाईचं पीक माझ्या सल्ल्यामुळे थोडं गेलं आणि तिच्या स्वतःच्या डोक्यामुळे बरंचसं वाचलं. रिपोर्टमध्ये 'विभागाच्या मार्गदर्शनाने' असं लिहायची पद्धत आहे. मी 'शेवंताबाई मडावी यांची पद्धत' असं लिहिलं. मॅडमनी दोनदा वाचलं आणि सही केली.

शेवंताबाईंच्या घरची वर्षाची डाळ मी पणाला लावली होती. गोबी विकून त्यांनी बाजारातून लाखोरी आणली. दिवाळीपर्यंत पुरेल, असं म्हणाल्या. त्यापुढची जी कमी पडेल, ती माझ्या चार ओळींची आहे.

आपला विद्यार्थी,
विलास