आमच्या माडीवरच्या जंतबाई

कुठलीही लांबट वस्तू दिसली की आमच्या माडीवरच्या बाई आधी तिच्यावर गांडुळासारख्या वळ्या शोधत. मग ती पायजम्याची नाडी असो, पडवळ असो, की वाटीतली शेवई. आईच्या हळदीकुंकवाला त्यांनी खिरीतली एक शेवई चमच्यावर घेऊन उजेडात धरली आणि सगळ्या बायकांदेखत आनंदाने म्हणाल्या, "वळ्या नाहीत, अंग गोल, टोकं निमुळती. अगदी गोलकृमी!" त्या दिवशी बरीचशी खीर पातेल्यातच राहिली. सक्करदऱ्यातली आमची सगळी गल्ली त्यांना जंतबाई म्हणे. त्यांना ते माहीत होतं, आणि बहुधा आवडतही होतं.

सत्तरच्या दशकात त्या एका कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवत. बोलणं वर्गात पुस्तकी, घरी उमरेडचं. "गांडूळ अन् जळू वळ्यांवाले, त्यांचं कौतुक करायले पुष्कळ लोक हायेत," त्या म्हणत. "माह्ये बिनवळ्यांचे. चपटे, गोल, केसासारखे. यायच्याकडे कोण पाहीन?" पट्टकृमीच्या अंगावर तर खाचा दिसतात, असं मी एकदा म्हणालो. त्या हसल्या. "त्या वळ्या नोहे गा. तो मानेमागून नवे डबे जोडत जाते अन् शेवटचे सोडून देते. गांडुळाचं मात्र आतलं-बाहेरचं सारं अंगच वळ्यावळ्यांनं बांधलं असते." रेल्वेचा डबा सुटलेला पाहिला की मला अजून पट्टकृमी आठवतो.

त्यांचा दुसरा धाक होता एका प्रश्नाचा: "पाहिलं काय, की वाटलं?" दूधवाला पाणी घालतो, असं बाबा म्हणाले की हा प्रश्न जिन्यावरून खाली येई. बाबा नुसते गुरगुरत. भाडेकरूला उलट बोलायचं नाही, हा त्यांचा नियम होता.

माझ्या धाकट्या बहिणीचं, कुसुमचं, लग्न कुहीजवळच्या एका गावात ठरत आलं होतं. मुलगा शेती सांभाळणारा, हसतमुख. कुसुमला तो पसंत होता, हे आम्हाला न सांगता कळलं होतं, कारण तो पाहून गेल्यापासून ती पोळ्या लाटताना गाऊ लागली होती. मग बाबा घर पाहायला म्हणून गेले आणि संध्याकाळी तोंड पाडून परतले. गावच्या विहिरीवर एका बाईच्या बादलीत त्यांना हातभर लांब, दोऱ्यासारखा, वळवळणारा जंत दिसला होता.

"गावात नारू हाये," बाबा म्हणाले. "पोरगी देऊन तिच्या पायातून जंत निघताना पाहू काय? विषय संपला."

त्या रात्री पोळ्या मुकाट्याने झाल्या. जेवणं आटोपली तशी बाई जिना उतरून आल्या.

"भाऊ, तो जंत बाटलीत आणला काय?"

"आणाले तो काय पेढा हाये जी?"

"मंग नारू हाये हे पाहिलं काय, की वाटलं?"

बाबांनी गुरगुरत बसची वेळ सांगितली. रविवारी बाई, बाबा आणि मी कुहीच्या बसमध्ये बसलो. बाईंच्या पिशवीत दोन बाटल्या आणि एक भिंग होतं.

विहीर पायऱ्यांची होती. बऱ्याच बादल्या ओतल्यावर एकीत तो जंत सापडला. बाईंनी तो सरळ तळहातावर घेतला. मुलाची आई किंचाळली, "टाका वं बाई तो!" बाईंनी भिंगातून नीट पाहिलं.

"वळ्या नाहीत," त्या म्हणाल्या. "पण नारू नोहे. नारू एवढा वाढते तो माणसाच्या अंगात, विहिरीत असा पोहत नाही. हा केसकृमी. नाकतोड्याच्या पोटात वाढते अन् मोठा झाला की पाण्यात उतरते. माणसाशी याचं काही घेणंदेणं नाही."

"मंग आमची विहीर चांगली म्हणा न!" मुलाची आई म्हणाली.

"या जंतापुरती चांगली."

सगळ्यांचे चेहरे पुन्हा उतरले. बाईंनी समजावलं की नारूचं पिल्लू पाण्यातल्या बारीक किड्याच्या पोटात असतं, डोळ्यांना दिसत नाही. नारू झालेल्या माणसाने पाण्यात पाय बुडवला की ते तिथे येतं, आणि पायऱ्यांच्या विहिरीत पाय बुडतातच. मग त्या घरोघर फिरल्या आणि लहानथोरांचे पाय पाहत सुटल्या. एक म्हातारेबुवा म्हणाले, "पाया पडाले आल्या काय बाई?" बाई म्हणाल्या, "पडतो जी, पण आधी धोतर वर घ्या."

एकाही पायाला नारू नव्हता. बाबांचा चेहरा खुलला. "म्हणजे गाव साफ?"

"साफ कसं म्हणू? पाण्यातून पोटात गेलेला नारू पायातून निघाले वरीसभर लागते. आज पाहिले ते मागच्या सालच्या पाण्याचे पाय. आजच्या पाण्याचे पुढच्या साली दिसतीन."

"बाई, हो म्हणा नाही तर नाही म्हणा!"

"गाळून प्या म्हणतो. दाट कापड, दुहेरी घडी. किडा कापडावर राहते."

घरी येऊन बाबांनी कुसुमला हे शब्दशः सांगितलं आणि निकाल लागला नाही म्हणून कपाळाला हात लावला. कुसुम म्हणाली, "गाळून पिईन मी. त्यात काय?" आणि कणीक मळायला गेली.

लग्नात बाईंनी आहेर म्हणून उमरेडच्या आपल्या भावाच्या मागावर विणलेलं दाट कापड दिलं, चांगलं थानभर. विहीणबाई फुगल्या. "आमचं पाणी घाण हाये काय वं?" बाई म्हणाल्या, "मले माहीत नाही, म्हणून तं दिलं." मांडवात हशा पिकला, आणि नाइलाजाने विहीणबाईही हसल्या.

दीड वर्षाने बाईंची अमरावतीला बदली झाली. ट्रकमध्ये त्यांच्या जंतांच्या बाटल्या गवतात गुंडाळून ठेवल्या जात होत्या. आई पदराने डोळे पुसत होती. बाबा उगाचच ड्रायव्हरला सूचना देत होते. निरोपाला कुसुम सासूला घेऊन आली. सासूने कुहीकडच्या तांदळाची थैली बाईंपुढे ठेवली आणि कुसुम नमस्काराला वाकणार, तोच बाईंनी तिला थांबवलं. त्यांची नजर खाली गेली होती. नवी जोडवी पाहताहेत असं आम्हाला वाटलं. कुसुमला मात्र कळलं. तिने लुगडं घोट्यांवर घेतलं, एक पाय पुढे केला, मग दुसरा. ते पाहून सासूनेही आपलं लुगडं वर घेतलं.

बाईंनी चारही पाय नीट पाहिले, आणि मग त्या दोघींच्या तोंडाकडे पाहून हसल्या.